वाचगार आणि बारावा खांब

पृथ्वीच्या पाठीवर वाचगारी फक्त तीन आहेत. ज्याच्या हातात ती येते त्याला देवांनी कोरून ठेवलेल्या खुणा वाचता येतात, आणि ज्याची नियत साफ नाही त्याच्या हातात ती साधा दगड होऊन बसते. हे मला ज्या गृहस्थांनी सांगितलं, त्यांनी त्या तिन्हींपैकी एक त्या वेळी माझ्या जेवणाच्या टेबलावर ठेवली होती. ती एका रुमालात गुंडाळलेली होती आणि रुमालाला सुकटीचा वास येत होता.

"वास येतो का बाई?" त्यांनी विचारलं. "पिशवी एकच व्हती."

उरलेल्या दोन वाचगारींपैकी एक म्हणे साहेबाने विलायतेला नेली आणि दुसरी एका तांडेलाबरोबर समुद्रात गेली. म्हणजे तपासायला उपलब्ध अशी एकच. ती दिसायला तिरक्या कापलेल्या बर्फीसारखी होती, आरपार स्वच्छ, एका कोपऱ्यात थोडी दुधाळ, आणि रंग पाणचट चहासारखा. बाबांच्या वडिलांना ती डोंगराच्या खाणीत खडी फोडताना काळ्या दगडाच्या पोकळीत सापडली होती. बाबा म्हणजे हे गृहस्थ. पंचाहत्तरीच्या आसपासचे, डोक्यावर टोपी, अंगात पांढरा सदरा, आणि पायात नातवाचे असावेत असे लाल पट्ट्यांचे बूट. विमानतळासाठी जी गावं उठली त्यांपैकी एका गावच्या गावदेवीचे ते पुजारी.

माझ्याकडे येण्याचं कारण असं की मला मोडी वाचता येते. नोकरीची सगळी वर्षं मी वाचनालयात काढली. तिथे दुपारी कोणी येत नसे, त्या वेळात मी मोडी शिकले. तेव्हा या विद्येला कोणी विचारत नव्हतं. पनवेल तालुक्यात जमिनीला भाव आला तसा मोडीलाही आला. आता आठवड्यातून दोन-तीन जण तरी आजोबांचे कागद प्लॅस्टिकच्या पिशवीतून घेऊन येतात. मी पैसे घेत नाही, त्यामुळे माझ्यावर त्यांचा पूर्ण विश्वास बसत नाही, पण दुसरं कोणी जवळपास नसल्यामुळे ते येतात.

बाबांनी कागद आणले नव्हते. त्यांनी मोबाइल पुढे केला. त्यात लाकडांचे फोटो होते आणि लाकडांवर कोरलेल्या खुणा: मासा, शिडी, तीन ठिपके, अर्धा चंद्र, डमरू. खाचांमध्ये शेंदूर भरलेला.

"ही मोडी नाही, बाबा," मी म्हटलं.

"ठावं हाय. देवीचं लिवनं हाय. म्हनून तं वाचगार आनली."

"मग तुम्हीच ठेवून वाचा ना."

"ठेवनाऱ्यानं वाचायचं नाय. नेम हाय. बापूस ठेवायचा, आन आमचं गुरुजी वाचायचं. गुरुजी गेलं."

दगड धरणाऱ्याने अर्थ सांगायचा नाही, आणि अर्थ सांगणाऱ्याच्या मालकीचा दगड नसायचा. आजवर पाहिलेल्या कुठल्याही संस्थेच्या नियमांपेक्षा मला हा नियम शहाणपणाचा वाटला, आणि त्याच भरात मी त्यांना चहा विचारला.

चहा पिताना त्यांनी सगळं सांगितलं. गाव उठलं तेव्हा देवी, म्हणजे शेंदूर लावलेली शिळा, पालखीतून नव्या वसाहतीत नेली. प्रश्न देवीसमोरच्या लाकडी मांडवाचा होता. सागाचे बारा खांब, वर तुळया, वासे, कौलं. बाबा लहान असताना कुठूनसा एक सुतार येऊन तो बांधून गेला होता, एकही खिळा न वापरता. एका लाकडाचं टोक दुसऱ्याच्या खाचेत बसवायचं आणि लाकडाचीच खुंटी ठोकायची. खुंट्या ठोकायला बाबांचे वडील होते. म्हणून बाबांनी हट्ट धरून मांडव पाडू दिला नाही, सुटा करायला लावला. खुंट्या निघाल्या, लाकडं खाली आली, त्यांच्यावर वर्षानुवर्षं सणासुदीला थापलेल्या शेंदराचे पोपडे गळून पडले, आणि पोपड्यांखाली या खुणा निघाल्या.

पुढे जे झालं ते त्याच गावात होऊ शकतं. देवीची अक्षरं जमिनीवर पडू द्यायची नाहीत, हे सगळ्यांना एकदम पटलं. नव्या वसाहतीत मांडवाच्या जागेवर तेव्हा नुसता मुरूम होता. मग ज्याने जे लाकूड खांद्यावर वाहिलं, त्याने ते आपल्या घरी नेलं. तात्पुरतं. घरी नेलं म्हणजे हळद-कुंकू आलं, हळद-कुंकू आलं म्हणजे नारळ आला. चार वर्षांत कोणाचा खांब गाडीशेजारी हार घालून उभा राहिला, कोणाचा वासा बाल्कनीत ग्रिलला बांधून पुजला गेला, आणि एका तुळईला तर तिच्यापुरतं पत्र्याचं छप्पर मिळालं. एका मांडवाचे त्रेचाळीस तुकडे होते, त्यांचे त्रेचाळीस देव झाले. स्वतः देवी पत्र्याच्या शेडमध्ये बसली.

"आता कोन दील? आपला देव कोन देतो?" बाबा म्हणाले. "आन दिला तरी कुठलं लाकूड कुठं लागतं ते कोनाच्या ध्यानात नाय."

देवस्थान समितीने ठराव केला होता. चैत्रातल्या जत्रेपर्यंत मांडव उभा राहिला तर उत्तम, नाहीतर तिथे आरसीसीचा स्लॅब पडेल, खाली ग्रॅनाइट. जत्रेला दीड महिना होता.

"माझं कोन आइकतो? पन देवीनं काय लिवलंय ते वाचून दाखवलं तं आइकतील. बापसानं ठोकलेल्या खुंट्या हायेत बाई. एकदा स्लॅब पडला का लाकडं भंगारात."

एवढंच त्यांना हवं होतं, आणि त्यासाठी ते दोन रिक्षा बदलून आले होते.

मी वाचगार उचलून समोरच्या वर्तमानपत्रावर ठेवली. उद्या पाणीपुरवठा बंद, ही बातमी तिच्यातून दोनदा दिसली, एकावर एक जराशी सरकलेली. दोनदा वाचूनही पाणी येणार नव्हतं. असा एक दगड असतो हे मी कधीतरी पुस्तकात वाचलं होतं. कॅल्साइट म्हणतात, आपल्या काळ्या खडकाच्या पोकळ्यांत सापडतो आणि त्याखाली धरलेलं काहीही दुहेरी दिसतं. पुस्तकातल्या चित्रात मात्र त्याला असा चहाचा रंग नव्हता. तेव्हा वाचगारीला संशयाचा फायदा देऊन मी गप्प बसले आणि फोटोंवरून खुणा कागदावर उतरवून घेतल्या.

जाता जाता कळलं की माझ्याआधी बाबा एका तज्ज्ञांना भेटले होते. कामोठ्याला, एका क्लासच्या वरच्या मजल्यावर, प्राचीन लिपी आणि स्फटिक-ऊर्जा यांचं त्यांचं केंद्र आहे. हे तज्ज्ञ वसाहतीत आले, त्यांनी डमरूच्या खुणेवर वाचगार ठेवली, डोळे मिटले, आणि दीड तास बोलले. ही लिपी नक्षत्रांवरून उतरली असून दोन डमरू दिसणं हा प्रकृती आणि पुरुष यांच्या आदिम द्वैताचा स्फोट आहे, असा त्याचा सारांश बाबांनी जवळजवळ शब्दशः सांगितला. त्यांची स्मरणशक्ती माझ्यापेक्षा चांगली आहे.

"मी इचारला, सायेब, म्हंजे खांब कुठं लावू? तं बोलले, ते स्थूल पातळीवरचं हाय."

"मग?"

"मी बोललो, आमचा मांडव पन स्थूलच हाय."

तज्ज्ञांनी वाचगार अधिक चाचण्यांसाठी मागितली. बाबांनी ती रुमालात गुंडाळली आणि त्यांना सुकट दिली.

आमच्या गल्लीच्या टोकाला लाकडाची वखार आहे. मालक कोकणी मुसलमान, माझ्याच वयाचे. त्यांचे आजोबा गलबतं बांधायचे, वडील दारं-खिडक्या करायचे, आणि ते स्वतः प्लायवूड विकतात आणि त्याबद्दल त्यांना वाईट वाटतं. माझी सगळी पुस्तकांची कपाटं त्यांच्याकडची आहेत. दुसऱ्या दिवशी मी कागद आणि फोटो घेऊन गेले. त्यांनी चष्मा पुसला, कागद लांब धरला, जवळ धरला, आणि हसायला लागले.

"ताई, हे देवाचं नाही. मिस्त्रीचं काम आहे."

"म्हणजे?"

"जोडाची खूण. आमचे आजोबा गलबताला करायचे. आधी अंगणात सगळं जोडून बघायचं. बसलं की दोन्ही लाकडांवर तीच खूण कोरायची, मग सुटं करून खाडीवर न्यायचं आणि तिथे परत जोडायचं. माशाला मासा, शिडीला शिडी. मिस्त्रीला लिहिता येत नसेल, हाताखालच्याला वाचता येत नसेल, पण मासा तर दोघांना कळतो ना?"

"म्हणजे प्रत्येक खुणेची जोडी आहे."

"बिलकुल. याला दगड कशाला हवा? चष्मा पुरे." मग त्यांनी डमरूचा फोटो मोठा करून पाहिला. "इथे डमरूच्या शेजारी अजून काहीतरी आहे. शेंदराने भरलंय. ते साफ करून मला दाखवा, मग सांगतो."

मी हो म्हटलं, आणि विसरले. पुढे जे झालं त्यात एवढा भाग माझा आहे.

बाबांना हे सांगताना मला जड गेलं. माणसाने रुमालात गुंडाळून आणलेली श्रद्धा आपण चष्मा लावून मोडतो आहोत असं वाटत होतं. मी सुताराचं सांगितलं, गलबतांचं सांगितलं. ते ओट्यावर बसून शांतपणे ऐकत होते. ऐकून झाल्यावर त्यांनी एकच प्रश्न विचारला.

"सुताराला कोनी धाडला व्हता?"

मी चष्मा काढून हातात घेतला. 

"मंग चला," ते उठत म्हणाले. "वही घ्या. मी ठेवीन, तुमी वाचा."

पुढचा महिनाभर आम्ही दोघं वसाहतीत घरोघर हिंडलो. बाबा त्या घरच्या लाकडाला नमस्कार करायचे, रुमाल उलगडायचे आणि खुणेवर वाचगार ठेवायचे. घरातली सगळी माणसं वाकून बघायची. दोन मासे दिसायचे. मग बाबा माझ्याकडे बघायचे आणि मी वाचायचे: "हा मासा. याचा जोडीदार दुसऱ्या एका घरी आहे. तो भेटल्याशिवाय मांडव उभा राहणार नाही." यात एक शब्द खोटा नव्हता. माझा आवाज मात्र नको तितका गंभीर लागायचा, त्याला माझा इलाज नव्हता.

न्हावा शेव्याला बंदरात काम करून निवृत्त झालेल्या एकांनी खांब गाडीशेजारी उभा केला होता. त्यांना वाचगारीची गरजच पडली नाही. "कंटेनरवर पन नंबर अस्तो," ते म्हणाले. "जुलला का चढवायचा. एवढंच ना? न्या." आणि त्यांनी खांबाचा हार काढून गाडीला घातला.

सगळे इतके सोपे नव्हते. एका बाईंच्या घरी शिडीचा वासा होता. त्याची दुसरी शिडी निघाली ती समोरच्या घरी, आणि त्या दोघी मधल्या गटारावरून दोन वर्षं एकमेकींशी बोलत नव्हत्या.

"तिच्याकडं? माज्या देवाचा जोड तिच्याकडं?" बाई कंबरेवर हात ठेवून म्हणाल्या.

"तसं दिसतंय," मी म्हटलं.

"दगड नीट पुसला व्हता का?"

बाबांनी दगड पुसून परत ठेवला. तरी दोनच.

"मंग तिला सांगा, पैला तिनं द्यायचा."

समोरच्या बाईंनीही हीच अट घातली. शेवटी दोन्ही वासे एकाच वेळी, एकाच टेम्पोत, एकमेकांना न लागता ठेवले गेले. टेम्पो गेल्यावर त्या दोघी आपापल्या दारात उभ्या राहून एकाच दिशेने बघत होत्या.

जत्रेला दहा दिवस उरले तेव्हा माझ्या वहीत सगळ्या जोड्या लागल्या होत्या, एक सोडून. डमरूचा खांब बाबांच्याच घरी होता. त्या खांबाच्या डोक्यावर बसणारं दोन हात लांब नक्षीचं लाकूड, ज्यावर दुसरा डमरू होता, ते त्यांच्या धाकट्या भावाकडे होतं. धाकटे भाऊ कामोठ्याला राहतात, सहाव्या मजल्यावर. बांधकामाचं सामान पुरवतात. देवस्थान समितीचे अध्यक्ष तेच आहेत, स्लॅबचा ठराव त्यांचाच. नव्या वसाहतीत प्लॉटच्या चिठ्ठ्या निघाल्या तेव्हा धाकट्यांना कोपऱ्याचा प्लॉट आला आणि थोरल्यांना गटाराकडचा. चिठ्ठी कोणी कशी उचलली यावरून काहीतरी बोलणं झालं. तेव्हापासून चार वर्षं भाऊ एकमेकांच्या दारात गेले नव्हते.

हे बाबांनी मला महिनाभर सांगितलं नव्हतं. डमरू वहीच्या शेवटच्या पानावर एकटा उरला तेव्हा सांगितलं.

"दुसरं एखादं लाकूड करून घेता येईल," मी म्हटलं. "वखारवाले करून देतील."

"सगल्यांच्या घरी जाऊन आलो. त्यांना बोललो, जोड द्या. आन माज्या जोडाला प्लायवूड लावू?"

आम्ही गेलो. लिफ्टमध्ये बाबांनी दोनदा टोपी नीट केली. दार धाकट्यांनीच उघडलं. टी-शर्ट, गळ्यात सोन्याची जाड साखळी, चेहरा अगदी बाबांचा, फक्त भरलेला.

"दादूस? तू लिफ्टनं आलास?"

"नाय. उडत आलो."

"ये. चार वर्सांनी घर सापडला."

"घर सापडला व्हता. बेल सापडत नव्हती."

धाकट्यांनी मला नमस्कार केला आणि माझ्याशी एकदम शहरी बोलायला लागले. "बसा मॅडम. तुमच्याबद्दल ऐकलंय. घरोघरी दगड घेऊन फिरताय. पण मी क्लियर सांगतो, स्लॅबमध्ये माझा काही स्वार्थ नाहीये. लाकूड म्हणजे वाळवी. दर वर्षी तेल लावा, कौलं शाकारा. आमच्यानंतर हे कोण करणार? स्लॅब टाकला की पन्नास वर्षं बघायला नको. यात माझं काय चुकलं?"

चुकलं असं काही नव्हतं, आणि मी तसं म्हटलंही. दिवाणखान्यात टीव्हीच्या शेजारी काचेचं शोकेस होतं. वरच्या कप्प्यात मुलीची बक्षिसं, खालच्या कप्प्यात ते नक्षीचं लाकूड, आणि त्याच्याभोवती हिरव्या-तांबड्या दिव्यांची माळ, जी दर दोन सेकंदांनी रंग बदलत होती. तेल मात्र ताजं लावलेलं होतं. ते माझ्या लक्षात आलं तसं बाबांच्याही आलं.

"काडतोस का जरा भायेर?" बाबा म्हणाले.

"कशाला? वाचगार ठेवायला?" धाकटे हसले. "दादूस, माज्या पोरीनं मोबाइलवर दाखवलाय मना. तो दगडाचा गुनच हाय. कशावर पन ठेव. रिमोटवर ठेव, दोन रिमोट दिसतील. लोकांना येडा बनवतोस तू."

"मना ठावं हाय."

"काय ठावं हाय?"

"कशावर पन ठेव, दोन दिसतात. बापूस सांगून गेला. लहान व्हतो तवा भाकरीवर ठेवून बगितली मी." बाबांनी रुमाल उलगडला, पण दगड उचलला नाही. "पन इथं ती खोटं काय बोलते? एक डमरू तुज्याकडं हाय. एक माज्याकडं हाय. दोनच हायेत ना?"

 दिव्यांची माळ हिरवी झाली, तांबडी झाली, परत हिरवी झाली.

"कोपऱ्याचा प्लॉट तुला पायजे व्हता तं बोलायचा," धाकटे म्हणाले. "मी दिला असता. चिठ्ठी चोरली बोललास. सगल्या गावापुढं."

"बोललो."

"मी देवीची पालखी खांद्यावर आनली त्या दिवशी. खांदा सुजला व्हता माजा."

"बगितला मी. खोबरेल धाडनार व्हतो."

"मंग?"

"मंग नाय धाडला."

आतून धाकट्यांच्या बायकोने चहा आणला आणि सोबत तांदळाच्या भाकरीचे तुकडे आणि सुकटीची चटणी. बाबांनी खाल्लं. ते संपेपर्यंत धाकटे शोकेससमोर पाठ करून उभे होते. मग म्हणाले, "ही माल काडाया लागंल. हिची वायर मागून हाय."

ती माळ काढायला दोघा भावांना अर्धा तास लागला, कारण प्रत्येकाला दुसऱ्याची पद्धत चुकीची वाटत होती.

मांडव उभारायला धाकट्यांनी कळंबोलीच्या लोखंड बाजारातून क्रेन आणवली. तिचा चालक रोज पोलादाचे पत्रे उचलतो. सागाची तुळई उचलताना त्याने आपणहून बूट काढले. मी वही घेऊन उभी होते आणि ओरडत होते: मासा माशाला, चंद्र चंद्राला. चार दिवसांत अकरा खांब उभे राहिले. हे अकराही वर निमुळते होत गेलेले, त्यामुळे वरची बाजू कोणती हा प्रश्नच आला नाही. बारावा डमरूचा. तो मात्र दोन्ही टोकांना सारखाच जाड होता आणि खूण त्याच्या बरोबर मधोमध होती. डमरू तर कसाही धरला तरी डमरूच.

धाकट्यांनी रॉकेल आणि जुना टूथब्रश घेऊन खुणेतला शेंदूर स्वतः घासून काढला. डमरूशेजारी आणखी एक खूण निघाली: एका बिंदूतून फुटलेल्या तीन रेघा.

"त्रिशूल!" कोणीतरी ओरडलं, आणि बायकांनी तिथल्या तिथे हळद-कुंकू आणलं. डमरू आणि त्रिशूळ एकत्र म्हटल्यावर माझ्यासुद्धा अंगावर काटा आला. तज्ज्ञांना कोणी कळवलं नाही म्हणून बरं.

"वर तोंड करून लावा रे," धाकट्यांनी सांगितलं. "त्रिशूल खाली तोंड करून लावतात काय?" त्यांनी टी-शर्ट काढला, खांबाला स्वतः खांदा दिला, आणि तीन टोकं आकाशाकडे राहतील असा तो उभा केला. वरचं नक्षीचं लाकूड थोरल्यांनी बसवलं. खुंटी दोघांनी मिळून ठोकली, म्हणजे एकाने धरली आणि दुसऱ्याने ठोकली, आणि एकदा बोटावर बसली. ज्याच्या बोटावर बसली त्याने शिवी दिली आणि ज्याने ठोकली तो हसला. वर्षानुवर्षं हेच करत आल्यासारखे.

जत्रेला देवी मांडवात आली. पत्र्याची शेड त्याच दुपारी काढली. वखारवाल्यांना मी बोलावलं होतं. ते खजुराचा डबा घेऊन आले आणि प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसून लाकडं बघत राहिले, पंगतीत वाढून घेणारा माणूस ताटाकडे बघतो तसे. मग त्यांनी मला हाताने बोलावलं.

"ताई, हा खांब कोणी लावला?"

"अध्यक्षांनी. का?"

"अल्ला माफ करे." त्यांनी आवाज खाली आणला. "तो त्रिशूळ नाही. बाण आहे. तीन रेघा जिथे एकत्र येतात ते त्याचं टोक. झाड जसं उभं होतं तसाच खांब उभा करायचा असतो, बुंधा खाली, शेंडा वर. बाकीचे निमुळते आहेत, बघून कळतं. हा दोन्हीकडे सारखा तासलाय, म्हणून बिचाऱ्या मिस्त्रीने शेंड्याकडे बाण काढून ठेवला. मी म्हटलं होतं ना, साफ करून दाखवा?"

"मग आता?"

"आता काय नाही. वजन घेतो तो. शंभर वर्षं उभा राहील. उलटा राहील, एवढंच."

बाबांना सांगणं भाग होतं. नेम ऐकून मी वाचायचं काम घेतलं होतं आणि चुकीचं वाचलं होतं. पालखीची माणसं पांगल्यावर मी त्यांना बाजूला घेऊन सगळं सांगितलं. ते खांबाकडे बघत राहिले. खांबाला पाठ टेकून त्यांचे धाकटे भाऊ पाय पसरून बसले होते. अंगावर गुलाल, हातात प्रसादाचा द्रोण, डोळे मिटलेले.

"उलटा हाय," बाबा म्हणाले.

"हो."

"त्याला ठावं हाय?"

"नाही."

"ऱ्हाऊ दे."

मग त्यांनी खिशातून रुमाल काढला. भावाला जाग येऊ नये म्हणून त्याच्या डोक्यावरून हळूच हात नेऊन त्यांनी वाचगार त्या खुणेवर दाबून धरली आणि माझ्याकडे पाहिलं.

"वाचा. नेम हाय."

मी वाकून पाहिलं. दोन बाण दिसत होते. दोन्ही जमिनीकडे.